पायताणांच्या सिस्टर

समस्त चप्पलधारी, सँडलधारी व अनवाणी जनतेस अत्यंत गांभीर्याने कळविण्यात येते की, चामड्याचे पायताण पाण्यात बुडवणे हा घोर अपराध आहे. साबण लावून बुडवणे हा त्याहून घोर. आणि बुडवून झाल्यावर ते कडक उन्हात वाळत घालणे, या अपराधाला अद्याप नाव सापडलेले नाही. सापडताच स्वतंत्रपणे कळविण्यात येईल. हे वाचून ज्यांना हसू आले असेल त्यांनी कृपया खाली वाकून आपल्या पायांकडे पाहावे, त्या दोन मुक्या जिवांचे आपण काय करून ठेवले आहे याचा क्षणभर विचार करावा आणि मगच पुढे वाचावे.

झाला विचार? आता सांगतो.

नव्वदच्या दशकात मी शिरोलीच्या एका फौंड्रीत सुपरवायझर होतो आणि रंकाळ्याच्या बाजूला एका घराच्या वरच्या खोलीत भाड्यानं राहत होतो. खाली घरमालकीण राहायच्या. सगळी हयात सरकारी दवाखान्यात नर्स म्हणून काढून निवृत्त झालेल्या. उंच, काटक, पदर कमरेला खोचलेला आणि छातीवर उलटं टाचलेलं घड्याळ अजून तसंच. त्यांचं नाव गल्लीत कुणी घेत नसे. पोस्टमनपासून दूधवाल्यापर्यंत सगळे त्यांना सिस्टर म्हणत. निवृत्त झाल्यावर एक दिवस त्यांच्या लक्षात आलं, की आपल्याला आता पेशंट उरले नाहीत. दुसरी एखादी बाई देवधर्माला लागली असती. सिस्टरांनी दाराबाहेर काढून ठेवलेल्या चपलांकडे बघितलं आणि त्यांना पेशंट सापडले.

मी खोली बघायला गेलो तेव्हा त्यांनी पगार विचारला नाही, गाव विचारलं नाही, लग्न झालंय का तेही विचारलं नाही.

"पाय वर कर," म्हणाल्या.

"कुठला?"

"कुठला बी एक. दोन्ही एकदम केलास तर पडशील."

मी उजवा पाय उचलून बगळ्यासारखा उभा राहिलो. त्यांनी चष्मा चढवला, वाकून माझं सँडल न्याहाळलं आणि शेजारी मोठे डॉक्टर उभे असावेत अशा आवाजात वाचून दाखवलं, "पट्टा सुकलाय. टाचंला चिरा. बोटांपाशी घामाचं मीठ बसलंय. किती दिस अंगावर काढतोयस रं हे?"

"सँडल आहे हो ते, सिस्टर."

"मग? आजार काय मानसालाच हुतोय व्हय? काढ. ॲडमिट करून घेते."

खोली मिळाली. सँडल मात्र ॲडमिट झाले. घरी जाताना त्यांनी मला एक रबरी स्लिपरजोड दिला, त्यातली एक निळी आणि दुसरी हिरवी. ज्याचं पायताण उपचाराखाली आहे त्याला हाच जोड मिळायचा, आणि तो मुद्दाम बेजोड ठेवलेला, म्हणजे कुणी परत करायला विसरत नसे. एक पाय निळा आणि एक हिरवा असा माणूस दिसला, की सगळी गल्ली हाक मारून चौकशी करायची, "काय पावणं, ॲडमिट व्हय?"

त्यांचा वॉर्ड जिन्याखाली होता. तिथं उन्हाची तिरीपही यायची नाही, पण वारा आरपार. फळीवर जुन्या धोतराचं स्वच्छ फडकं अंथरलेलं, त्यावर चपला ओळीनं निजलेल्या. एकमेकींवर चढवलेली चप्पल दिसली, की सिस्टर भडकायच्या. "एका खाटंवर दोन पेशंट? सरकारी दवाखाना हाय व्हय ह्यो?" वास्तविक आयुष्यभर त्यांनी एका खाटेवर दोन-दोन पेशंट सांभाळले होते. म्हणूनच इथं चालू देत नसत.

उपचार बघायला मिळणं हा मान असे. मला तो लवकर मिळाला, कारण फौंड्रीतून येताना माझ्या पायांना रोज काळी वाळू असायची, आणि सिस्टरांना अवघड केस आवडायची.

"चिखल वला असताना हात लावायचा न्हाय," त्या सांगायच्या. "पुसायला गेलास की आत शिरतोय. ती जखमंवरची खपली समज. वाळू दे. वाळली की आपनच सुटतीय."

मग दाढीच्या जुन्या ब्रशानं ती खपली हलकेच झाडायची. शिवणीतली माती झाडायला त्याच ब्रशाचे दोन-चार केस कातरून टोकदार केलेले. त्यानंतर ओलं फडकं. पण ओलं म्हणजे किती? त्यांनी माझ्या हातात दिलं, मी पिळलं. त्यांनी ते माझ्याकडून घेऊन परत पिळलं, तर त्यातून थेंब निघाला. असा काही चेहरा केला त्यांनी, जणू मी इंजेक्शनची सुई जमिनीवर टाकली होती.

"आता पुसायचं. एकाच दिशेनं. रगडायचं न्हाय, भांडी न्हाइत ती. मग कोरड्या फडक्यानं टिपायचं. टिपायचं म्हंजे कसं? पोराचं डोळं टिपतो तसं."

साबण? चामड्याला कधीच नाही. रबर-प्लॅस्टिकच्या चपलांना कोमट पाण्यात जरासा साबणाचा फेस चालेल, पण त्याही शेवटी कोरड्या करूनच ठेवायच्या, नाहीतर वास मारतात. मखमली पट्ट्याच्या लग्नातल्या सँडलांना पाण्याचं बोटसुद्धा लावायचं नाही, नुसता ब्रश. आणि तेल! तिळाचं तेल एका बोटावर, तेही दुसऱ्या बोटाला पुसून उरेल तेवढं.

"तेल हे औषध हाय, आमटी न्हवं," असं म्हणून त्या ते बोट आधी टाचेच्या मागं, दिसणार नाही अशा जागी टेकवायच्या आणि घड्याळाकडे बघत बसायच्या. डाग पडतो का, रंग उतरतो का. मी एकदा विचारलं, कशाची वाट बघताय?

"टेस्ट डोस," सिस्टर म्हणाल्या. "रिॲक्शन आली तर कळाय नगो?"

अंगणातल्या नळाच्या वर त्यांनी रंगानं लिहून ठेवलं होतं, 'येथे पायताण धुणाऱ्याची खोली ताबडतोब खाली करून घेतली जाईल.' ही पोकळ धमकी नव्हती. माझ्याआधी वरच्या खोलीत राहणाऱ्या कॉलेजच्या मुलानं नवीन कोल्हापुरी मऊ व्हावी म्हणून वाटीभर एरंडेल तेल ओतून ती रात्रभर पायरीवर ठेवली होती. सकाळी एकच होती. दुसरी गल्लीतल्या कुत्र्यानं चवीनं खाल्ली होती. सिस्टरांनी त्या मुलाला खोली सोडायला लावली आणि कुत्र्याला मात्र दहीभात घातला, एवढं तेल पोटात गेलंय बिचाऱ्याच्या म्हणून.

त्यांना लग्नाला नेणं म्हणजे जबाबदारी असे. एकदा गल्लीतल्या एका मुलीचं लग्न होतं. मंगल कार्यालयाच्या दारात पाहुण्यांच्या चपलांचा समुद्र पसरलेला आणि वर मे महिन्याचं ऊन. आत मंगलाष्टकं चालू. सिस्टरांचं लक्ष अक्षतांकडे कुठलं! त्या हळूच उठल्या, बाहेर गेल्या आणि मंगलाष्टकं संपेपर्यंत सगळ्या चपला उचलून मागच्या बाजूच्या सावलीत नेल्या. नुसत्या नेल्या नाहीत, तर जातवारी लावल्या: चामडं एकीकडे, रबर एकीकडे, कापडी एकीकडे. जेवणं झाल्यावर वऱ्हाड बाहेर आलं तर अंगण मोकळं! चोर, चोर म्हणून गलका झाला. नवरदेवाचे मामा सगळ्यांत पुढं.

"ओ बाई, कुनाला इचारून हात लावलासा आमच्या पायतानाला?"

"उन्हात तळत हुती ती! तुमचंच मूल असतं तर ठेवलं असतंसा उन्हात?"

"मूल कशाला ठेवतोय मी उन्हात?"

"मग त्यानं काय पाप केलंय?" आणि मामांचं पायताण उचलून त्यांच्या हातात देत म्हणाल्या, "हात लावून बघा. गार हाय की न्हाय?"

मामांनी हात लावला. गार होतं. उन्हात वितळत्या डांबरावर ते गार पायताण घालून मामा चालायला लागले आणि चालता चालता मागं वळून ओरडले, "आमच्याकडं लगीन निघालं की ह्या बाईंना आधी बोलवायचं!"

पुढं दोन हजारनंतर तरुण पोरं ते चिकटपट्ट्यांचे, जाड रबरी तळाचे सँडल घालायला लागली. मला वाटलं सिस्टर नाक मुरडतील. छे! त्या पट्टीच्या काट्यांत अडकलेले केस, दोरे, वाळकं गवत त्या चिमट्यानं एकेक उपसून काढायच्या आणि पट्टी परत चर्रकन चिकटली, की लहान मुलीसारख्या हसायच्या. "टाके काढल्यावर असाच आराम पडतोय बघ." नवीन आजाराला नवीन उपचार, त्याबद्दल त्यांची तक्रार नसे. तक्रार फक्त एकाच गोष्टीची: माणसं सगळ्यांत जास्त जीव घेतात ते स्वच्छतेच्या नावाखाली.

आता मुख्य प्रकरणाकडे येतो. वाचकांनी सावरून बसावं.

हे त्याच नव्वदच्या दशकातलं. माझं लग्न ठरत होतं. म्हणजे ठरतही होतं आणि मोडतही होतं. मुलगी गडहिंग्लजच्या बाजूची. मी बघायला गेलो तेव्हा आम्हाला दोन मिनिटं बोलू दिलं, तर तिनं मला विचारलं, "फौंड्रीतनं घरी येतासा तवा काळं कुठंपतोर असतंय?" मी म्हटलं, कोपरापर्यंत. ती पदरात तोंड लपवून जी हसली, त्यानंतर मला जगात दुसरी मुलगी बघायची गरज उरली नाही. पण तिच्या वडिलांचं तसं नव्हतं. गुळाचे व्यापारी. ढेप बोटानं टिचकी मारून पारखायचे, तसंच माणूसही. भाड्याच्या खोलीत राहणारा आणि लोखंड वितळवणारा जावई त्यांच्या मनात बसत नव्हता. कागलकडचं दुसरं एक स्थळ त्यांच्या खिशात तयार होतं. त्यांनी निरोप धाडला, "घर बघाय येतो. बघून काय ते सांगतो." सोबत कुणाला आणणार नव्हते, कारण दुसऱ्याच्या डोळ्यांवर त्यांचा विश्वास नव्हता.

माझ्याकडून वडील आले. आई येऊ शकली नाही, कारण म्हैस व्यायला झाली होती आणि आमच्या घरात ते मुलाच्या लग्नापेक्षा मोठं काम. वडिलांचा दुधाचा धंदा. त्यांच्याबद्दल एवढंच सांगतो, की ते धुण्याचे भोक्ते होते. सकाळी म्हशी धुवायचे, मग गोठा, मग दुधाच्या कासंड्या, मग दारातला रस्ता. धुण्यासारखं काही उरलं नाही, की अस्वस्थ व्हायचे. त्या दिवशी सकाळीच त्यांनी कोल्हापूरच्या बाजारात म्हशी घासायचा नवा ब्रश घेतला होता. तो पिशवीत होता. इथं नियतीनं पहिली टाळी वाजवली.

पावणं, म्हणजे मुलीचे वडील, आले ते आधी ऐकू आले. गल्लीच्या वळणापासून कर्र, कर्र असा तालेवार आवाज. जुन्या कसबी हातांनी बांधलेलं, दोन्ही बाजूंना चामडी कान असलेलं, जाडजूड कोल्हापुरी पायताण. पहाटे नृसिंहवाडीला दत्ताचं दर्शन करून आले होते, आणि घाटावरचा गाळ पार त्या कानांपर्यंत चढलेला. दारात सिस्टर उभ्या होत्या. पावण्यांनी पायताण काढलं आणि म्हणाले, "बाई, ह्ये जरा जपून ठेवा. हे घालून मी थोरलीचं लगीन ठरवलं, ह्याच्यावर दुकान घेतलं. बनवनारा मानूस आता न्हाय. असं परत मिळायचं न्हाय."

सिस्टरांनी छातीवरच्या घड्याळावर हात ठेवला. "पावणं, माझ्या वॉर्डातनं आजपतोर एक बी पेशंट गेल्याला न्हाय."

त्यांनी ते पायताण पायरीच्या सावलीला ठेवलं. चिखल ओला होता, खपली धरू दे म्हणून हात लावला नाही. आणि आम्ही सगळे आत गेलो. पोहे आले, चहा आला, पावण्यांनी भिंती बघितल्या, छत बघितलं, माझ्याकडे बघितलं. बराच वेळ गेला. तेवढ्यात, मध्येच कधीतरी उठून बाहेर गेलेले माझे वडील आत आले, हात पुसत माझ्याजवळ बसले आणि अत्यंत समाधानानं माझ्या कानात म्हणाले, "पावण्यांचं पायतान लई बरबटल्यालं. आपल्या दारात येऊन असं? मी चकाचक धुऊन पत्र्यावर टाकलंय वाळत."

मी हातातली बशी खाली ठेवली आणि स्वयंपाकघरात जाऊन सिस्टरांना सांगितलं. पुरण वाटत होत्या. हात तसाच पुरणाचा घेऊन त्या मागच्या अंगणात धावल्या.

पायताण पत्र्यावर होतं. एप्रिलचं ऊन खाऊन त्याचा तळ पापडासारखा वळायला लागला होता आणि दोन्ही कान सशासारखे उभे राहिले होते. शिवणीत साबणाचा फेस अजून बुडबुडत होता. सिस्टर मागोमाग आलेल्या वडिलांकडे वळल्या.

"कशानं घासलंसा?"

"ह्या ब्रशनं. म्हशीच्या."

"नळावर काय लिवलंय वाचता येतंय न्हवं?"

"येतंय की. खोली खाली करून घेतील म्हनून लिवलंय. माझी कुठं खोली हाय?"

"अहो, चामडं असं धुत्यात व्हय?"

"म्हशीचंच हाय की ते!" वडील कळवळून म्हणाले. "म्हस रोज धुतोय मी. बिघडती व्हय कधी?"

"म्हस जिती असती! तिच्या आंगात तिचं तेल असतंय. हिला तेल कोन घालनार आता, तुमी?"

वडिलांचा चेहरा पडला. म्हशीच्या बाबतीत त्यांना कुणी इतक्या थोड्या शब्दांत हरवलं नव्हतं. "मग मी जातो," म्हणाले, "पावण्यांच्या पायावर डोकं ठेवतो आनि सांगतो, चूक झाली."

"आन् पोराचं लगीन?" सिस्टरांनी कमरेच्या बटव्यातून थर्मामीटर काढला, झटकला आणि वडिलांच्या जिभेखाली ठेवून दिला. "तोंड मिटा. मी काढीपतोर बोलायचं न्हाय."

त्या दिवशी आणि दुसऱ्या दिवशी, जेव्हा जेव्हा वडिलांनी पावण्यांसमोर बोलायला तोंड उघडलं, तेव्हा तेव्हा त्यात थर्मामीटर गेला.

पायताण वॉर्डात आलं. आधी पिळलेल्या फडक्यानं साबणाचा कण न् कण टिपून काढला. पाणी निघावं म्हणून पिरगाळायचं नाही, शेगडीजवळ न्यायचं नाही, उन्हात तर नाहीच. कोरड्या फडक्यांत धरून नुसतं दाबायचं. मग रद्दी. मी वर्तमानपत्रं फाडून देत होतो, सिस्टर ती कानांखाली, अंगठ्याखाली, पट्ट्यांच्या पोटात भरत होत्या. कागद ओला झाला, की काढून नवा. "ड्रेसिंग बदल," म्हणायच्या. वळलेल्या तळावर फडकं आणि त्यावर पोळपाट उलटा ठेवला.

"किती वेळ लागंल?" मी विचारलं.

"उद्या दुपार."

"पण ते आज जाणार आहेत!"

"बघू की कसे जात्यात."

पुरणपोळी झाली. कटाची आमटी झाली. तुपाच्या धारेला सिस्टरांनी कुणाचंच 'पुरे' ऐकलं नाही. पावणं ढेकर देऊन उठले आणि मला ज्याची भीती वाटत होती तो शब्द त्यांनी उच्चारला, "चला, निघतो. कळवतो काय ते."

'कळवतो' म्हणजे काय हे ज्याचं लग्न एकदा तरी मोडलंय त्याला सांगायला नको.

"बसा की वाईच," सिस्टर म्हणाल्या. "आल्यासारखं बीपी बघून घिऊ." आणि त्यांचं ते पाऱ्याचं यंत्र आलं, दंडाला पट्टा गुंडाळला गेला, फुगा दाबला गेला. सिस्टरांनी स्टेथोस्कोप कानाला लावला आणि भुवया वर गेल्या. मी शपथेवर सांगतो, त्यांनी खोटं सांगितलं नाही. इतक्या पुरणपोळ्या खाऊन आणि मुलीच्या लग्नाचा घोर घेऊन बसलेल्या माणसाचा पारा चढलेलाच असणार, आणि तो चढला होता. फक्त एरवी त्या एवढ्यावर कुणाला अडवत नसत.

"पावणं, आज परवास बंद."

"मला काय बी हुईत न्हाय हो."

"तुमाला कसं कळनार? पेशंटला सगळ्यात शेवटी कळतंय. आडवं व्हा."

गुळाच्या बाजारात भल्याभल्यांपुढं न झुकणारा माणूस निमूटपणे आडवा झाला. अशा रीतीनं पुढच्या खोलीत पावणं आणि जिन्याखाली त्यांचं पायताण असे दोघेही एकाच वेळी ॲडमिट झाले, आणि सिस्टर एका पेशंटकडून दुसऱ्याकडे अशा येरझारा घालू लागल्या, की त्यांच्या चेहऱ्यावर मी इतका आनंद कधीच पाहिला नव्हता.

मध्येच पावण्यांनी विचारलं, "माझं पायतान कुठं हाय?"

"इश्रांती घेतंय," सिस्टर म्हणाल्या.

पावणं घोरू लागले. दुपारचे झोपून उठले तेव्हा ते वेगळाच माणूस वाटत होते. गालावर उशीची घडी उमटलेली. म्हणाले, पाय मोकळे करून येतो. सिस्टरांनी निळी आणि हिरवी स्लिपर पुढं ठेवली. "पेशंटानं ह्योच जोड घालायचा," एवढंच म्हणाल्या. मी सोबत निघालो. दारोदारी बसलेली गल्ली त्यांच्या पायांकडे बघून हाका मारायला लागली, "काय पावणं, ॲडमिट व्हय?"

"आयला," पावणं मला म्हणाले, "माझ्या बीपीची बातमी एवढ्यात सगळीकडं गेली?"

रंकाळ्याच्या काठाला आम्ही बसलो. वारा सुटला होता. त्यांनी मला फौंड्रीबद्दल विचारलं. लोखंड ओतायची वेळ झाली हे कसं ओळखता? मी म्हटलं, रंगावरून आणि ठिणग्या कशा उडतात त्यावरून. ते थबकले. काकवी गूळ व्हायला आली हेसुद्धा तसंच, म्हणाले, बुडबुड्यावरून. मग बराच वेळ आम्ही कढया आणि भट्ट्यांबद्दल बोलत बसलो. उठताना ते म्हणाले, "दुपारचा झोपलो त्याला लई वरसं झाली रं." पण होकाराचा शब्द नाही. आणि मला सारखं ते पापडासारखं वळलेलं पायताण दिसत होतं.

सकाळी पोळपाट काढला. तळ सपाट झाला होता. कान खाली बसले होते, पण चामडं राठ आणि उतरलेलं, आजारातून उठलेल्या माणसासारखं. सिस्टरांनी हात लावून बघितलं. "अजून आत जराशी ओल हाय. हीच येळ तेलाची." टाचेमागं टेस्ट डोस. घड्याळ. मग एका बोटानं, पट्ट्यावरच्या चामडी वेणीच्या एकेका पदरावरून, अंगठ्यावरून, तळाच्या कडेवरून. थांबायचं, पिऊ द्यायचं, परत बोट. माझे वडील शेजारी उकिडवे बसून बघत होते. थर्मामीटर तोंडात नसतानाही बोलत नव्हते. चामडं हळूहळू गडद झालं, मग मऊ झालं, आणि दुपारी फडक्यानं शेवटचा हात फिरला तेव्हा त्यावर काकवीसारखी चकाकी आली. वर्षानुवर्षांचा मळ साबणानं नेला होता आणि गेलेला जीव सिस्टरांनी परत भरला होता.

पावण्यांचं बीपी मोजलं. उतरलं होतं. "डिस्चार्ज," सिस्टर म्हणाल्या आणि दोन्ही पेशंट समोरासमोर आणले.

पावण्यांनी पाय घातला. अंगणात पहिलं पाऊल टाकलं. आवाज नाही.

ते थांबले. मी सिस्टरांकडे बघितलं. त्यांचा हात घड्याळावर. कोल्हापुरीची करकर गेली म्हणजे माणसाचा आवाजच गेला. पावण्यांनी भुवया आवळून दुसरं पाऊल टाकलं, अंगाचा सगळा भार देऊन.

कर्र.

तिसरं. कर्र! चौथं. कर्र! पावणं अंगणभर फिरले, नळापर्यंत गेले, परत आले, पायरीवर बसले आणि एक पाय मांडीवर घेऊन तळापासून वेणीपर्यंत निरखायला लागले.

"ह्यो रंग," ते हळू आवाजात म्हणाले, "घेतलं तवा असा हुता." मग वर बघितलं. सिस्टरांकडे, माझ्याकडे, घराकडे. "कागलवाल्यांस्नी मी सांगतो काय सांगायचं ते. पोरगी ह्या घरात दिली."

सिस्टरांनी टाळी वाजवली. खरोखरची, मोठी. मी वाकलो ते आधी कुणाच्या पाया पडू हे न समजून मध्येच अडकलो. सगळी गल्ली कुंपणापाशी जमली होती. आणि त्या आनंदात सिस्टर एक गोष्ट विसरल्या: थर्मामीटर त्यांच्या बटव्यात होता.

"पावणं!" माझे वडील दोन दिवसांचं साठलेलं सगळं एका दमात म्हणाले, "तुमचं पायतान मी धुतलं! नळाखाली, साबनानं, म्हशीच्या ब्रशनं! उन्हात बी मीच घातलं! पापड झालता त्येचा! ह्या बाईंनी तुमाला निजवून ते वाचवलं! आता लगीन मोडायचं तर मोडा, पर माझ्या पोटात ऱ्हाईना!"

माझ्या डोळ्यांसमोरून कागलचं स्थळ घोड्यावर बसून गेलं. पावण्यांनी वडिलांकडे बघितलं. मग सिस्टरांकडे, ज्यांनी आयुष्यात पहिल्यांदाच मान खाली घातली होती. मग पायातल्या त्या चकाकणाऱ्या जोडाकडे. त्यांचा चेहरा लाल व्हायला लागला, खांदे हलायला लागले, आणि मला वाटलं आता खरंच बीपी चढलं. पण ते हसत होते. डोळ्यांतून पाणी येईपर्यंत, पायरीला हात टेकून हसत होते. शेवटी उठले, पाय आपटून एकदा कर्र वाजवलं आणि सगळ्या गल्लीला ऐकू जाईल एवढ्या मोठ्यानं ओरडले:

"पोरगी दिली म्हंजे दिली! पर मांडवात ह्या मानसाला नळाजवळ जाऊ देऊ नकासा!"